डेथ रोचं घंगाळ

आमच्या जुन्या गाडीच्या सीडी प्लेयरमध्ये दीड वर्ष एकच सीडी अडकून होती. अडकून म्हणजे खरंच अडकून, इजेक्ट दाबलं की आतून घर्र घर्र आवाज यायचा, चंदेरी कड जरा बाहेर डोकवायची आणि परत आत, कासवाच्या मानेसारखी. नवऱ्याने नेलकटर, पापड भाजायचा चिमटा, दुहेरी टेप लावलेलं व्हिजिटिंग कार्ड, सगळं करून पाहिलं. मेकॅनिक म्हणाला पूर्ण डॅशबोर्ड उघडावा लागेल आणि त्याने जो आकडा सांगितला त्यात कराडला आईच्या घराला रंग देऊन झाला असता. मग राहू दे म्हटलं.

आता अडकलेली सीडी जर किशोरी आमोणकरांची असती तर लेख लिहायची वेळ आली नसती. अडकलेली होती 'डेथ रो ग्रेटेस्ट हिट्स', म्हणजे डेथ रो नावाच्या अमेरिकन रॅप कंपनीची गाजलेली गाणी, त्यातली पहिली डिस्क. दोन डिस्कचा सेट, मिळून तीसच्या वर गाणी, साल १९९६, कव्हरवर तो काळापांढरा 'पालकांनो सावधान'वाला शिक्का. मी २०२१ च्या ऑक्टोबरमध्ये बेलफ्लॉवरच्या एका जुन्या सामानाच्या दुकानात लेकीसाठी हॅलोविनचा ड्रेस शोधायला गेले होते, ड्रेस काही मिळाला नाही, कपांच्या आणि फोटोफ्रेमच्या ढिगाशेजारी ही मिळाली, दोन डॉलर. घेतली कारण एकदम पुण्याचं हॉस्टेल आठवलं. तिकडे एका मैत्रिणीच्या कॉम्प्युटरवर ही गाणी होती, फाइलींची नावं चुकीची, निम्मी गाणी मध्येच तुटलेली, आणि आम्ही शब्द न कळता मान हलवायचो. शब्द कळत नव्हते हे बरंच होतं म्हणा.

आणि दुसरं कारण म्हणजे माझा रस्ता. आम्ही राहतो लॉस एंजलिसजवळ सेरिटोसला, आर्टिशियाला लागूनच, म्हणजे पायोनियर बुलेवार्डवर गेलं की साड्या, सोनं, कढीपत्ता सगळं मिळतं. ऑफिस गार्डेनाला. रोज ९१ फ्रीवेने पश्चिमेला जायचं आणि वाटेत लाँग बीचचं टोक आणि मग कॉम्प्टन. म्हणजे या सीडीवरच्या दोन बड्या रॅपरांपैकी ड्रेचं गाव कॉम्प्टन, स्नूपचं लाँग बीच, आणि मी हातात चहाचा थर्मास घेऊन या दोन्ही गावांच्या डोक्यावरून रोज जातेय. पहिल्यांदा इकडे आले तेव्हा कॉम्प्टनची पाटी दिसल्यावर मी उगाच खिडकीची काच वर केली होती. आता लाज वाटते. एकमजली घरं, ताडाची झाडं, अंगणात सायकली, आणि आता तर तिथे बहुतेक लोक लॅटिनो आहेत, शनिवारी रस्त्याकडेला फळांवर तिखट मीठ टाकून विकतात, अगदी आपल्या कैरीसारखं.

हे संगीत गाडीत ऐकायचंच संगीत आहे, घरात हेडफोन लावून ऐकलं की अर्धं मरतं. त्याला जी-फंक म्हणतात. चाल ना धड हळू ना धड फास्ट, फ्रीवेवर ट्रॅफिक जेमतेम सरकत असताना गाडी जशी जाते तशी. खाली जाड बेस, सत्तरच्या दशकातल्या फंक गाण्यांतून उचललेला किंवा पुन्हा वाजवून घेतलेला, आणि सगळ्याच्या वर एक बारीक किणकिणता सिंथेसायझर, मूग नावाच्या कंपनीचा, एका सुरावरून दुसऱ्यावर घसरत जाणारा, डासासारखा पण सुरेल. ड्रे आणि स्नूपचं जे सगळ्यात गाजलेलं गाणं, 'नथिन बट अ जी थँग', त्याचा सगळा पाया लिऑन हेवूडच्या १९७५ च्या गाण्यावर उभा आहे. मूळ गाणं ऐकलं की हसू येतं, कारण ते बिचारं निव्वळ शृंगारिक आहे, त्याला कल्पनाही नाही आपल्या पाठीवर पुढे कोण बसणार आहे.

खरं सांगायचं तर ग्रेटेस्ट हिट्स या प्रकाराबद्दल मला कधी आदर नव्हता. आळशी लोकांचा अल्बम. नवीन काही करायचं नाही, स्टुडिओचं भाडं नाही, जुनीच गाणी एका डब्यात भरायची आणि वर नवीन किंमत लावायची. कराडला बसस्टँडजवळ एक कॅसेट रेकॉर्डिंगवाला होता, त्याच्याकडे वहीच्या कागदावर गाण्यांची यादी नेऊन द्यायची, तो साठ नाहीतर नव्वदच्या कॅसेटमध्ये भरून द्यायचा, बाजू संपताना शेवटचं गाणं कडव्याच्या मध्ये कापलं जायचं. ते निदान आपण निवडलेलं असायचं. कंपनी जे निवडते त्यात तिला काय विकायचंय ते दिसतं, एवढंच. असं मला वाटायचं.

पण एकच डिस्क रोज चाळीस मिनिटं जायला, पन्नास यायला ऐकायची म्हटल्यावर माणूस कव्हर पण वाचतो, तारखा पण बघतो. हा अल्बम आला नोव्हेंबर १९९६ च्या शेवटच्या आठवड्यात, थँक्सगिव्हिंगच्या तोंडावर, ख्रिसमसच्या खरेदीसाठी. त्याच महिन्यात याच कंपनीने टुपाक या आपल्या रॅपरचा मरणोत्तर अल्बम काढला, मग स्नूपचा दुसरा, आणि मग हा. एका महिन्यात तीन! आणि घरची परिस्थिती काय होती? ड्रे, ज्याच्या कानावर ही कंपनी उभी राहिली, तो मार्चमध्येच आपल्या हिश्श्यावर पाणी सोडून बाहेर पडला होता. टुपाकला ७ सप्टेंबरला लास व्हेगासमध्ये गोळ्या घातल्या, १३ ला तो गेला, वय वर्षं पंचवीस. कंपनीचा मालक शुग नाइट, त्या रात्री गाडी चालवत होता तोच, अल्बम आला तेव्हा तुरुंगात होता, त्या रात्री कॅसिनोत झालेल्या मारामारीमुळे प्रोबेशन मोडलं म्हणून, आणि पुढच्या फेब्रुवारीत त्याला नऊ वर्षांची शिक्षा झाली. म्हणजे वर लिहिलंय ग्रेटेस्ट हिट्स, आणि आत घर बसलेलं.

आणि तेव्हा मला घंगाळ आठवलं.

आमच्या आजोबांच्या घराची वाटणी झाली तेव्हा मी सात आठ वर्षांची असेन. चार भाऊ. जमिनीचं सगळं तलाठ्याकडे वगैरे झालं असेल, ते मला माहीत नाही, मला आठवतात ती ओसरीवर मांडलेली भांडी. त्या घरात इतकी भांडी आहेत हे त्या दिवसापर्यंत कुणालाच माहीत नव्हतं. माळ्यावरून, देवघराच्या मागून, न्हाणीतून, कुठून कुठून काढलेली, हंडे, कळश्या, पराती, पितळी डबे, चिंच लावून घासून उन्हात अशी ओळीने ठेवलेली की जणू लग्नच आहे. शेजारची बाई फाटकातून डोकावून म्हणाली पण, काय हो, कार्य आहे का? आणि मग मोठे काका एकेक भांडं उचलून उलटं करायचे आणि नाव वाचायचे. आपल्याकडे भांड्यावर नाव घालतात ना, दुकानाबाहेर तो माणूस बसलेला असतो, टर्रर्र करत टिंबाटिंबांची अक्षरं काढणारा. 'चि. सौ. कां. हिस विवाहप्रसंगी मामांकडून सप्रेम भेट.' ज्याचं नाव, त्याच्या ढिगात. आईची एक परात होती तिच्यावर तिचं माहेरचं नाव, लग्नानंतर बदललेलं नाही, माहेरचं, आणि त्यावरून पंधरा मिनिटं चर्चा झाली की ही बाई कोण!

घंगाळावर नावच नव्हतं. तांब्याचं मोठं, दोन कड्यांचं, सगळ्या घराने त्यात अंघोळीचं पाणी घेतलेलं. ते कुणाचं? रोज पहाटे ते भरायची आमची आजी. पण भरणाऱ्याचं नाव कुणी घालत नाही.

तर डेथ रोचा हा अल्बम म्हणजे ती ओसरी आहे. मांडलंय असं की कार्य आहे. आणि प्रत्येक भांड्याच्या तळाशी एकच नाव, कंपनीचं, ती खुर्चीला जखडलेल्या, डोक्यावर पिशवी घातलेल्या माणसाची आकृती. गेलेल्या माणसाचंही आमचंच, सोडून गेलेल्याचंही आमचंच. गंमत म्हणजे (गंमत नाही खरं तर) याच अल्बमवर, जिथे ड्रेने रचलेली गाणी विकायला ठेवलीयत, तिथेच जे-फ्लेक्स नावाच्या गड्याचं एक गाणं घातलंय जे सरळसरळ ड्रेला टोमणे मारायला लिहिलंय. म्हणजे त्याचीच भांडी ओसरीवर आणि त्यालाच शिव्या. आणि ड्रे? त्याने आपल्या नव्या कंपनीचा पहिला अल्बम, आफ्टरमाथचा, कधी आणला? त्याच आठवड्यात. याला म्हणतात भाऊबंदकी.

मग २०२२ च्या उन्हाळ्यात आई आली. करोनामुळे तीन वर्षं आलीच नव्हती. विमानतळावरून घरी येताना मी ठरवलं होतं आवाज बंद ठेवायचा, पण त्या गाडीला ना, बॅटरीचं काहीतरी असं झालं होतं की चालू केली की सीडी आपोआप सुरू. मी झटक्यात आवाज कमी केला तोवर ती सिंथेसायझरची धून दोन फेऱ्या मारून गेली होती. आई मागच्या सीटवरून म्हणाली, "अगं, हे नागीन आहे का?"

मी म्हटलं नाही गं आई, हे अमेरिकन आहे. पण नंतर रात्री झोप येईना म्हणून विचार करत पडले तर ती काही चुकीचं बोलली नव्हती. १९५४ च्या 'नागीन'मधली ती बीन, जी ऐकून म्हणे थेटरात साप येतील अशी भीती लोकांना वाटायची, ती बीन नव्हतीच, कल्याणजींनी ती क्लॅव्हियोलिन नावाच्या इलेक्ट्रिक पेटीवर वाजवली होती. म्हणजे सिंथेसायझरचीच आजी. तोच घसरता, बारीक, नाकातला सूर. ड्रेने 'नागीन' ऐकला असेल असं मी म्हणत नाही हां, उगाच आपलं सगळं आपणच शोधलं असं करणाऱ्यांतली मी नाही. पण आईच्या कानाने दोन वाद्यांचं गोत्र बरोबर ओळखलं. त्या दिवसापासून आमच्या घरात त्या सीडीचं नाव नागीण. "नागीण लाव गं." "नागीण बंद कर, फोन आलाय."

शिव्यांचं काय, तर आईला इंग्रजी वाचता येतं पण हे असं बोललेलं कळत नाही, तरी शिवी कळतेच. शिवीला भाषा लागत नाही, जोर लागतो. दोन दिवस ऐकून म्हणाली, "हा सारखा कुणाला तरी बोलतोय ना?" मी सांगितलं, हो, हे एकमेकांना गाण्यातून बोलतात, मग तो दुसरा उलट गाणं करतो. ती म्हणे हात्तिच्या, कलगीतुरा. तिच्या लहानपणी जत्रेत एका बाजूला कलगीवाले एका बाजूला तुरेवाले, रात्रभर कूटप्रश्न आणि सवालजवाब, एकमेकांची जात काढण्यापर्यंत मजल जायची आणि सकाळी एकाच कढईतली भजी खायचे. मी म्हटलं आई, इथे भजीपर्यंत नाही पोहोचले. टुपाकचं सांगितलं. पंचवीस वर्षांचा म्हटल्यावर ती गप्प झाली आणि कॉम्प्टन येईपर्यंत बाहेर बघत बसली. मग म्हणाली, आई होती का त्याला? होती. अफेनी शकूर. तो गेल्यानंतर त्याच्या गाण्यांसाठी तिने या कंपनीशी कोर्टात झुंज घेतली. "मग बरोबर," आई म्हणाली.

लताबाईंची गोष्ट पण मी तिला गाडीतच सांगितली, कारण मला माहीत होतं ती भडकणार. झालं काय, २००२ मध्ये ड्रेच्या त्याच आफ्टरमाथ कंपनीने ट्रुथ हर्ट्स नावाच्या गायिकेचं 'अ‍ॅडिक्टिव्ह' काढलं, जोरदार चाललं, आणि त्यात मागे सबंधभर लता मंगेशकर गातायत, 'थोडा रेशम लगता है', १९८१ च्या 'ज्योती' सिनेमातलं, संगीत बप्पी लाहिरी. रचणारा डीजे क्विक, तो पण कॉम्प्टनचाच. परवानगी नाही, नाव नाही, काही नाही. सारेगामा या आपल्याकडच्या रेकॉर्ड कंपनीने पन्नास कोटी डॉलरचा दावा ठोकला. आणि २००३ मध्ये लॉस एंजलिसच्या कोर्टाने सांगितलं की बप्पी लाहिरींचं नाव घाला, त्याशिवाय सीडी विकायची नाही.

"आणि लताबाईंचं?" आई.

मी म्हटलं ऑर्डर संगीतकाराच्या नावाबद्दल होती. आईने जो "हं" केला त्यात आमच्या आजीने पहाटे भरलेली सगळी घंगाळं होती. लता मंगेशकर आई आली त्याच वर्षी, २०२२ च्या फेब्रुवारीत गेल्या होत्या, ६ तारखेला, आणि बप्पी लाहिरी त्याच महिन्यात १५ ला. आणि बरोबर या दोघांच्या मधल्या आठवड्यात इकडे स्नूपने डेथ रो विकत घेतली. मी तारखा जुळवत बसणारी बाई नाही, पण गाडीत एकच सीडी असली की माणसाचं असं होतं.

हो, ते राहिलंच. स्नूपने विकत घेतली. पण त्याआधी भांडी कुठे कुठे फिरली ते ऐका. ड्रे गेला, टुपाक गेला, १९९८ मध्ये स्नूप पण गेला. शुग आत बाहेर करत राहिला (आता २०१८ पासून अठ्ठावीस वर्षांसाठी आत आहे, दुसऱ्याच एका प्रकरणात). मध्येच लिडिया हॅरिस नावाच्या बाई पुढे आल्या की या कंपनीचं मूळ भांडवल माझ्या तुरुंगातल्या नवऱ्याचं, अर्धा हिस्सा आमचा. कोर्टाने २००५ मध्ये त्यांच्या बाजूने १०.७ कोटी डॉलरचा निकाल दिला, शुगकडे पैसे नाहीत, २००६ मध्ये दिवाळं. मग लिलाव. २००९ मध्ये कॅनडातल्या एका कंपनीने १.८ कोटी डॉलरला घेतली, त्यांचंही दिवाळं वाजलं, मग ती गेली एंटरटेनमेंट वन नावाच्या कंपनीकडे. आणि ही एंटरटेनमेंट वन कुणाची मालकीण होती माहितीये? पेप्पा पिगची. ती गुलाबी डुक्करीण, चिखलात उड्या मारणारी. मग २०१९ संपता संपता खेळणी बनवणाऱ्या हॅस्ब्रोने ती सगळीच कंपनी घेतली. म्हणजे आमची लेक चिमी घरात टीव्हीसमोर बसून पेप्पा बघत होती, आणि ज्या गाण्यांना मी तिच्यापासून लपवणार होते त्यांचा मालक आणि पेप्पाचा मालक एकच. मला हे कळलं तेव्हा मी ऑफिसच्या पार्किंगमध्ये एकटी हसत होते, शेजारच्या गाडीतला माणूस बघायला लागला.

तिथून २०२१ मध्ये संगीताचा धंदा ब्लॅकस्टोन या गुंतवणूक कंपनीला विकला, आणि त्यांच्याकडून फेब्रुवारी २०२२ मध्ये स्नूपने. एकेकाळी ज्या घरात पोऱ्या म्हणून शिरला तेच घर. घेतल्या घेतल्या त्याने काय केलं, तर मार्चमध्ये बहुतेक जुनी गाणी स्ट्रीमिंगवरून काढून टाकली. ड्रेचा अल्बम क्रॉनिक गायब, त्याचा स्वतःचा डॉगीस्टाईल गायब. त्याचं म्हणणं हे लोक पैसे देत नाहीत. वर्षभर नव्हती. २०२३ च्या सुरुवातीला परत आली, क्रॉनिक तर ड्रेनेच आणलं, तीस वर्षं झाली म्हणून.

आणि त्या वर्षभरात, ऑफिसातली पोरं जेव्हा फोनवर शोधून शोधून दमली, तेव्हा सगळ्या ९१ फ्रीवेवर ज्या काही गाड्यांत ती गाणी वाजत असतील त्यातली एक माझी. अडकलेली. एका ठिकाणी चरा होता, ड्रेचा आवाज तीनदा तेच अक्षर म्हणून पुढे जायचा, आणि आता मी ते गाणं नीट ऐकलं तरी मनात तीनदाच येतं.

सगळं गोड नाही हं. या डिस्कवर बायकांबद्दल जे काही आहे ते मी इथे लिहू शकत नाही, लिहिलं तर शिमगा होईल, आणि शिमग्याला निदान दुसऱ्या दिवशी धुळवड असते. ड्रेने १९९१ मध्ये डी बार्न्स या टीव्हीवरच्या पत्रकार बाईला एका पार्टीत मारहाण केली होती, कोर्टात त्याने आरोपाला आव्हान दिलं नाही, आणि ज्या बायकांना दुखावलं त्यांची जाहीर माफी मागायला २०१५ उजाडलं. हे ग्रेटेस्ट हिट्समध्ये मावत नाही. मी तरी ऐकायचे. कॉम्प्टनच्या सेंट्रल अ‍ॅव्हेन्यूच्या एक्झिटला तो बेस सुरू झाला की स्टिअरिंगवर बोटं चालायचीच, मग पुढचा शब्द यायचा आणि बोटं थांबायची, मग परत चालायची. चिमी गाडीत असली की मात्र रेडिओ, आणि बटण सापडेपर्यंत तिच्याच नर्सरीतली गाणी मी मोठमोठ्याने म्हणायचे.

गेल्या वर्षी गाडी विकली. घ्यायला आलेला पोरगा जेमतेम वीसचा, सोबत त्याची आई, स्पॅनिशमध्ये टायर दाखवून भाव करणारी, आमच्यासारखीच. मी म्हटलं एक सांगायचंय, यात एक सीडी अडकलीय, निघत नाही, आणि गाडी चालू केली की वाजते. त्याने चालू केली. नागीण सुरू झाली. तो पोरगा हसला आणि शंभर डॉलर कमी करा म्हणत होता ते विसरला. त्याची आई मात्र मला विचारायला लागली, हे बंद कसं करायचं.

रात्री कराडला फोन केला. आईने पहिलं विचारलं गाडीचे किती आले, दुसरं विचारलं, "आणि नागीण?"

"गाडीतच गेली."

"आणि ती दुसरी? दोन होत्या ना?"

दुसरी आहे. डब्यात, स्वयंपाकघराच्या वरच्या कप्प्यात, आईच्या त्या परातीशेजारी. ती लावायला आता घरात काहीच नाही.

"घंगाळाचं शेवटी काय झालं गं?" मी विचारलं.

"मोडीत घातलं," आई म्हणाली. "चौघांना सारखे पैसे आले. आजीला कुणी विचारलं नाही. पण कडी तिने आधीच काढून ठेवली होती एक."

"कडी? काय करायला?"

"काय माहीत. ट्रंकेत असायची."